मैलापूरचे सूर, कोल्हापूरचे यंत्र

चित्रपटाच्या आरंभी पडद्यावरून जी नामावली सरकत जाते, तिच्यातील किती नावे आपण खरोखर वाचतो? नायक-नायिकांची नावे वाचतो, दिग्दर्शकाचे वाचतो, गाणी आवडली असतील तर संगीतकाराचेही ध्यानात ठेवतो. ‘ध्वनिलेखन’ या शब्दापुढचे नाव मात्र वाचण्याआधीच पुसले जाते. तो गृहस्थ कोण, तो नेमके काय करतो, आणि त्याने आपले काम नीट केले नसते तर पुढचे दोन-अडीच तास आपल्यावर काय प्रसंग गुदरला असता, याचा विचार कोणी करीत नाही. ध्वनिलेखकाचे दैव हेच आहे. त्याचे काम उत्तम झाले, तर ते कोणाच्या लक्षात येत नाही. लक्षात येते ते केवळ बिघडलेले काम.

अशा एका ध्वनिलेखकाची हकीकत आज सांगावयाची आहे. त्याचे नाव महाराष्ट्राला अपरिचित नाही. ‘संत तुकाराम’ या चित्रपटाच्या दोन दिग्दर्शकांपैकी एक म्हणून विष्णुपंत दामले यांचे नाव आजही आदराने घेतले जाते. परंतु दिग्दर्शक दामले यांच्या कीर्तीने ध्वनिलेखक दामले यांना असे काही झाकून टाकले आहे, की त्यांच्या कारकिर्दीचा हा भाग जवळजवळ विसरला गेला. आणि त्यांच्या या कामाचा एक धागा थेट दक्षिणेस, मद्रासच्या मैलापूर या वस्तीपर्यंत जाऊन पोहोचतो, हे तर फारच थोड्यांना ठाऊक असेल.

विष्णुपंत गोविंद दामले यांचा जन्म १८९२ साली कुलाबा जिल्ह्यातील पेण येथे झाला. तरुणपणी ते कोल्हापुरास आनंदराव आणि बाबूराव या पेंटर बंधूंच्या हाताखाली आले. नाटकमंडळ्यांचे पडदे रंगविणे हा त्या चित्रशाळेचा व्यवसाय; परंतु तेथील माणसांची बुद्धी कुंचल्यापाशी थांबणारी नव्हती. चलच्चित्राचे यंत्र आपणच तयार करावे, असा ध्यास आनंदरावांनी घेतला. १९१६ साली ते अकाली वारले. तेव्हा बाबूरावांनी दामल्यांना साथीस घेऊन ते काम पुढे नेले आणि १९१८ च्या सुमारास कॅमेरा सिद्ध केला. त्यातूनच महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली आणि १९२० साली तिचा ‘सैरंध्री’ हा मूकपट पडद्यावर आला. दामल्यांची पुढची सारी घडण या एका गोष्टीत पाहावयास मिळते. यंत्र विकत घ्यावयाचे आणि चालवावयाचे, एवढ्यावर समाधान मानणारा हा माणूस नव्हता. ते उघडून पाहावे, त्याचे मर्म समजून घ्यावे, आणि प्रसंग पडला तर स्वतःच्या हातांनी घडवावे, हे शिक्षण त्यांना कोणत्याही विद्यालयाने दिले नाही. ते कोल्हापूरच्या त्या चित्रशाळेने दिले.

१ जून १९२९ रोजी दामले, शांताराम, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी या पाच जणांनी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. तुतारी फुंकणारी स्त्री हे तिचे बोधचिन्ह. यात एक मौज आहे. ज्या संस्थेचे चिन्हच वाद्य वाजवीत होते, तिने आरंभीची दोन-तीन वर्षे सगळे मूकपट काढले! पडद्यावरची तुतारी दिसत होती, ऐकू येत नव्हती. ती ऐकविण्याचे काम पुढे दामल्यांकडे आले.

या ठिकाणी थोडे मागे जाऊन जगात काय चालले होते ते पाहिले पाहिजे. चित्र आणि आवाज एकत्र बांधण्याची खटपट युरोप-अमेरिकेत बरीच वर्षे चालू होती.  डेन्मार्कसारख्या लहानशा देशातील आक्सेल पेटर्सन आणि आर्नोल्ड पोल्सन या दोन अभियंत्यांनी १९२३ सालीच कोपनहेगन येथे बोलणाऱ्या चित्रपटाचा जाहीर प्रयोग करून दाखविला होता. त्यांच्या पद्धतीत चित्र एका फितीवर आणि ध्वनी दुसऱ्या फितीवर असे, व दोन्ही फिती एकाच वेगाने चालविल्या जात. अमेरिकेतील ‘द जॅझ सिंगर’ हा गाजलेला बोलपट त्यानंतर चार वर्षांनी, १९२७ मध्ये आला, आणि त्याचा आवाज तर फितीवर नव्हताच; तो तबकडीवर होता. कीर्ती मात्र अमेरिकेस मिळाली. त्या दोन डॅनिश गृहस्थांची नावे आज त्यांच्या देशाबाहेर कितीजण जाणतात? ध्वनिशास्त्राची वाट चालणाऱ्यांच्या वाट्याला अनामिकपण येते, ते हे असे सर्वत्र.

हिंदुस्थानात १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात ‘आलम आरा’ हा पहिला बोलपट झळकला. अर्देशीर इराणी यांनी तो तानर यंत्रावर चित्रित केला. या यंत्रात चित्र आणि ध्वनी एकाच फितीवर एकाच वेळी उमटत. त्यांच्या कलागृहाजवळून आगगाडीचे रूळ जात होते. म्हणून गाड्या थांबल्यावर, मध्यरात्रीनंतरच्या काही तासांत, बरेचसे काम उरकावे लागे. आपल्या चित्रपटात आवाज आला, तो असा रात्रीच्या शांततेचा आश्रय घेऊन आला.

प्रभातने बोलपट काढावयाचे ठरविले, तेव्हा पाच भागीदारांपैकी ध्वनीची जबाबदारी दामल्यांवर पडली. त्यांचे वय तेव्हा चाळिशीच्या जवळ आले होते. पडदे रंगविण्यात, नेपथ्य उभारण्यात, मूकपट दिग्दर्शित करण्यात ज्याची उमेद गेली, त्याने या वयात एक सर्वस्वी नवे शास्त्र हाती घ्यावयाचे होते. ते शिकविणारी शाळा देशात नव्हती. पुस्तक, यंत्र आणि स्वतःचा कान हेच काय ते गुरू.

हे शास्त्र किती नाजूक होते, त्याची थोडी कल्पना दिली पाहिजे. मायक्रोफोनपुढे केलेला आवाज प्रथम विजेच्या लहरींत बदलतो. त्या लहरींच्या चढउताराप्रमाणे एक प्रकाशाची रेषा कमीजास्त होते, आणि ती सरकत्या फितीच्या कडेला सुमारे अडीच मिलिमीटर रुंदीच्या पट्टीवर आपला ठसा उमटवीत जाते. म्हणजे येथे आवाजाचे छायाचित्रच घेतले जाते. चित्रगृहात त्या पट्टीतून पुन्हा प्रकाश जातो आणि त्याचा पुन्हा आवाज होतो. मूकपटाच्या काळी कॅमेऱ्याची मूठ हाताने फिरवीत. वेग थोडा इकडेतिकडे झाला तर पडद्यावरचा माणूस जरा भरभर चाले, एवढेच. आता फीत सेकंदाला चोवीस चौकटी, मिनिटाला नव्वद फूट, या वेगाने काटेकोरपणे चाललीच पाहिजे. नाहीतर षड्जाचा षड्ज राहावयाचा नाही. एखाद्या चित्राशी जुळणारा ध्वनी त्याच्या शेजारी नसतो, तर वीस चौकटी पुढे असतो. तेथे हिशेब चुकला तर ओठ एक बोलतात आणि आवाज दुसरेच काही सांगतो. आणि हे सर्व साधले तरी रसायनशाळेत फीत धुताना द्रावणात अथवा वेळेत फरक पडला, की मेहनतीने घेतलेला आवाज खरखरीत होऊन जातो. तात्पर्य, ध्वनिलेखकाला वीज कळली पाहिजे, प्रकाश कळला पाहिजे, रसायन कळले पाहिजे, आणि शिवाय संगीतही कळले पाहिजे. कोल्हापूरच्या चित्रशाळेत घडलेल्या बहुविध हाताला जणू हेच काम राखून ठेवलेले होते.

आणखी एक अडचण होती. त्या वेळी गाणे आधी मुद्रित करून मग नटाने ओठ हलवावयाचे, ही सोय नव्हती. नटानेच गावयाचे, आणि अभिनय करता करता गावयाचे. साथीदार चौकटीच्या बाहेर, एखाद्या खांबाआड किंवा झुडपाआड बसत. मायक्रोफोन चित्रात दिसता कामा नये आणि गळ्यापासून दूरही जाता कामा नये. गायकाने मान वळविली तरी सूर क्षीण होई. म्हणजे नटाने कोठे उभे राहावे, पेटी कोठे असावी, तबला किती अंतरावर असावा, यातील पुष्कळसा निर्णय ध्वनिलेखकाच्या हाती आला. मूकपटात कॅमेरा हा राजा होता. आता त्याला एक भागीदार मिळाला.

६ फेब्रुवारी १९३२ रोजी प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ मुंबईच्या मॅजेस्टिकमध्येच प्रदर्शित झाला. गोविंदराव टेंबे यांचा हरिश्चंद्र, दुर्गाबाई खोटे यांची तारामती, संगीतही टेंब्यांचेच, आणि ध्वनिलेखन दामल्यांचे. चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत एकाच वेळी काढला गेला. आज या चित्रपटाचे महत्त्व आणखी एका कारणाने वाढले आहे. ‘आलम आरा’ची एकही प्रत शिल्लक उरलेली नाही. त्या पहिल्या वर्षातील इतर बोलपटही काळाच्या उदरात गेले. जे टिकून राहिले, त्यांत ‘अयोध्येचा राजा’ हा सर्वांत जुना भारतीय बोलपट मानला जातो. याचा अर्थ असा की, आज आपल्या कानांनी ऐकता येतो असा भारतीय बोलपटाचा सर्वांत जुना आवाज हा विष्णुपंत दामल्यांनी टिपलेला आवाज आहे. या एका वाक्यात त्यांच्या या विस्मृत कारकिर्दीचे मोल सामावलेले आहे.

आता मैलापूरकडे वळू.

मैलापूर ही मद्रास शहराच्या, म्हणजे आजच्या चेन्नईच्या, दक्षिण भागातील फार प्राचीन वस्ती. कपालीश्वराचे मंदिर, त्यासमोरचा विस्तीर्ण तलाव आणि देवळाभोवतीचे चार माडवीथी रस्ते हे तिचे हृदय. वकिलांची, विद्वानांची आणि गवयांची ही पेठ. मराठी माणसाला ती अगदीच परकी नाही. तंजावरच्या मराठी राज्याच्या आश्रयाने दक्षिणेत रुजलेली अनेक घराणी पुढे मद्रासेस येऊन स्थायिक झाली. त्रावणकोर, इंदूर आणि बडोदे या तीन संस्थानांचे दिवाणपद भूषविणारे सर टी. माधवराव यांनी आपले अखेरचे दिवस मैलापुरातच काढले. १८९१ साली ते तेथेच वारले. त्यांचेच आप्त दिवाण बहादूर रघुनाथराव यांच्या मैलापूरच्या घरी १८८४ च्या डिसेंबरात जी बैठक भरली होती, तिच्यात राष्ट्रसभेच्या कल्पनेचे बीज होते असे इतिहास सांगतो.

संगीताच्या बाबतीत तर हा संबंध अधिक खोलवर गेलेला आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मोरगावकर बुवांचे मराठी कीर्तन तंजावरकरांनी ऐकले, आणि त्या नमुन्यावर तंजावर कृष्ण भागवतरांनी तमिळ हरिकथेला नवे रूप दिले. साकी, दिंडी, ओवी, अभंग हे आपले छंद तमिळ हरिकथेत जाऊन बसले, ते आजतागायत. सीता कल्याणम्, रुक्मिणी कल्याणम् ही विवाहाख्याने त्या हरिकथेतील लोकप्रिय आख्याने. पूर्वी मराठी कीर्तन दक्षिणेस गेले होते. आता सीताकल्याणाची कथा घेऊन दक्षिणेचे गळे महाराष्ट्रात यावयाचे होते. मात्र या वेळी त्यांना कीर्तनाचा पाट नको होता, त्यांना मायक्रोफोन हवा होता.

कारण असे की, मद्रासेस बोलपट पाहणारे होते, गाणारे होते, पैसा घालणारेही होते. नव्हते ते ध्वनीचे यंत्र आणि कलागृह. ‘कालिदास’ हा पहिला तमिळ बोलपट १९३१ च्या ऑक्टोबरात मद्रासेस प्रदर्शित झाला खरा, पण तो तयार झाला मुंबईस, इराणींच्या कलागृहात. त्यात नायिका तमिळ बोलत असे आणि नायक तेलुगू! तरीही लोकांनी तो डोक्यावर घेतला. आपल्या बोलीतले चार शब्द पडद्यावरून ऐकू येतात, याचेच अप्रूप मोठे होते. पुढील दोन-तीन वर्षे तमिळ चित्रपट काढावयाचा म्हणजे नटसंच, वादक, आचारी यांच्यासह बिऱ्हाड गाडीत घालून मुंबई किंवा कलकत्ता गाठावयाचे, असा प्रघातच पडला होता. त्या यादीत आता कोल्हापूरचे नाव आले.

त्या वेळी मद्रासेत मुरुगदास, के. रामनाथ आणि ए. के. शेखर हे तीन उत्साही तरुण ‘साउंड अँड शॅडो’ या नावाचे चित्रपटविषयक नियतकालिक चालवीत. ध्वनी आणि छाया! चित्रपटाच्या दोन्ही अंगांचे इतके नेमके नाव क्वचितच कोणा नियतकालिकाला मिळाले असेल. या मंडळींचा प्रभातशी संबंध आला आणि त्यांच्या साहाय्याने कोल्हापुरात ‘सीता कल्याणम्’ हा तमिळ बोलपट तयार झाला. दिग्दर्शन बाबूराव पेंढारकर यांचे होते. ‘अयोध्येचा राजा’साठी उभारलेले नेपथ्य त्यासाठी उपयोगी पडले; हरिश्चंद्राची अयोध्या त्याच्याच वंशातील रामचंद्राच्या कामी आली, यात अनुचित असे काहीच नव्हते.

यातील प्रमुख पात्रे मात्र मैलापूरच्या एकाच घरातली होती. सुंदरम् अय्यर हे मैलापुरातील वकील, संगीताचे आणि कलांचे मोठे भोक्ते. त्यांचा मुलगा एस. राजम् हा राम झाला, मुलगी जयलक्ष्मी ही सीता झाली, आणि स्वतः अय्यर जनकराजा झाले. राजम् तेव्हा जेमतेम चौदा-पंधरा वर्षांचा होता. त्याचा धाकटा भाऊ बालचंदर हा सहा-सात वर्षांचा पोर. त्याला रावणाच्या दरबारात कंजिरा वाजविणारा बालवादक म्हणून बसविण्यात आले. भाऊबहिणींनी राम आणि सीता म्हणून पडद्यावर यावे, हे काही सनातनी मंडळींना रुचले नाही आणि त्यावरून टीकाही झाली. परंतु त्या काळी घरंदाज मुलीने चित्रपटात काम करावयाचे, तर परक्या पुरुषासमवेत करण्यापेक्षा वडील आणि भाऊ यांच्या सोबतीने करावे, हा विचार त्या घराला अधिक सुरक्षित वाटला असेल, तर त्याला दोष कसा द्यावा?

संगीत होते पापनाशम् शिवन यांचे. चित्रपटासाठी संगीत देण्याचा त्यांचा हा पहिलाच प्रसंग. शिवन हे मैलापूरचे जणू चालतेबोलते भूषण. मार्गशीर्षाच्या थंड पहाटे कपालीश्वराच्या माडवीथींतून भजन करीत प्रदक्षिणा घालणारे शिवन ही मैलापूरकरांची नित्याची ओळख होती. त्यागराजस्वामींच्या तोडीच्या भक्तिरचना त्यांनी तमिळमध्ये केल्या, म्हणून लोक त्यांना तमिळ त्यागराज म्हणत. राजम् आणि जयलक्ष्मी ही दोघेही त्यांच्यापाशी गाणे शिकलेली.

असा हा कपालीश्वराच्या सावलीतला सूर मिरजेवरून कोल्हापुरास आला, आणि ज्या संस्थेचा ध्वनिविभाग दामल्यांच्या हाती होता, तिच्या यंत्रापुढे उभा राहिला. या भेटीकडे जरा बारकाईने पाहण्यासारखे आहे. ‘अयोध्येचा राजा’मध्ये जे गळे मुद्रित झाले ते मराठी रंगभूमीवर तयार झालेले होते. पेटी आणि तबला ही त्यांची साथ. येथे दुसरेच संगीत समोर होते. कर्नाटक गायकीत स्वर स्थिर उभा राहत नाही. तो गमकांत हेलकावत असतो. मृदंगाचा खर्ज तबल्याहून भरदार, कंजिऱ्याचा आघात तीक्ष्ण, आणि गाणारी मुले कोवळ्या, उंच गळ्याची. आवाज फार जवळून घेतला तर प्रकाशरेषा आपली मर्यादा ओलांडते आणि सूर फाटतो. दूरून घेतला तर गमकांतील बारकावे हरवतात. शिवाय भाषा अपरिचित. मराठी संवादात एखादे अक्षर पडले तर आपल्या कानाला तत्काळ कळते. तमिळमध्ये ते पडले की नाही, हे यंत्राजवळ बसलेल्या मराठी माणसाने कसे ओळखावे? त्याला अर्थावर विसंबता येत नाही. त्याने निव्वळ ध्वनी ऐकावयाचा असतो. एका परीने पाहता हीच ध्वनिलेखकाची खरी परीक्षा, कारण शब्दांच्या मोहातून सुटलेल्या कानालाच आवाज जसा आहे तसा ऐकू येतो.

‘सीता कल्याणम्’ १९३४ साली पडद्यावर आला आणि तमिळ रसिकांनी त्याचे चांगले स्वागत केले. प्रभातने तोपर्यंत आपले बिऱ्हाड १९३३ मध्ये पुण्यास हलविले होते. तेथील प्रशस्त कलागृहात १९३५ चा ‘चंद्रसेना’ मराठी आणि हिंदीबरोबर तमिळमध्येही निघाला. परंतु दक्षिणेच्या मंडळींनी उत्तरेकडे धाव घेण्याचे दिवस आता संपत आले होते. १९३४ सालीच ए. नारायणन यांनी मद्रासेत श्रीनिवास सिनेटोन हे बोलपटांचे कलागृह सुरू केले. तेथील ध्वनिलेखनाचे काम कोणी केले असेल? त्यांच्या पत्नी मीनाक्षी नारायणन यांनी! ज्या काळी स्त्रीने पडद्यावर येण्यावरून वाद होत, त्या काळी ही बाई यंत्रापाशी बसून आवाज मोजीत होती. भारतातील पहिली स्त्री ध्वनिलेखक म्हणून तिचे नाव घेतले जाते. खरे म्हणजे जितके घेतले जावयास हवे तितके घेतले जात नाही. त्याच सुमारास अड्यार येथे उघड्या आकाशाखाली ‘पवळक्कोडी’चे चित्रीकरण चालले असता कावळ्यांच्या कावकावीने ध्वनिलेखन बिघडे, आणि त्यांना हुसकावण्यासाठी एक स्वतंत्र माणूस नेमावा लागला, अशी आठवण तमिळ चित्रसृष्टीत आजही सांगतात. मुंबईस आगगाडी, मद्रासेस कावळे! ध्वनिलेखकाचे शत्रू गावोगाव निराळे, पण त्याची तपश्चर्या एकच.

कोल्हापूरहून परतलेल्या त्या मैलापूरच्या मुलांचे पुढे काय झाले? राजम् यांनी काही चित्रपटांत कामे केली. परंतु पुढे ते थोर गायक आणि चित्रकार म्हणून ओळखले गेले, आणि आकाशवाणीच्या मद्रास केंद्रावर त्यांनी दीर्घकाळ संगीताची सेवा केली. २०१० साली, वयाच्या नव्वदीनंतर, ते वारले. दरबारात कंजिरा वाजविणारा तो लहानगा म्हणजेच पुढचे वीणावादक एस. बालचंदर. त्यांनीच १९५४ साली ‘अंद नाळ’ हा चित्रपट दिग्दर्शित केला, ज्यात एकही गाणे नव्हते. तमिळ चित्रपटाच्या इतिहासात तो पहिलाच तसा चित्रपट. ज्याचे बालपण गाणाऱ्या बोलपटात गेले, त्याने गाण्यावाचून चित्रपट उभा करून दाखवावा, याला ध्वनीची फार चांगली समज लागते. प्रभातच्या ‘कुंकू’मध्ये शांतारामबापूंनी १९३७ सालीच पार्श्वसंगीत वगळून केवळ भोवतालच्या स्वाभाविक ध्वनींवर प्रसंग तोलून धरले होते, त्याची येथे आठवण होते. आवाज कोठे असावा हे ज्याला कळते, त्यालाच तो कोठे नसावा हेही कळते.

दामल्यांची वाट यानंतर बदलली. फत्तेलाल यांच्यासमवेत त्यांनी ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला. १९३६ च्या अखेरीस तो प्रदर्शित झाला, मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला, आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला. त्या चित्रपटाची थोरवी अनेकांनी सांगितली आहे. येथे एकच गोष्ट नोंदवावीशी वाटते. त्याचे दिग्दर्शन एका ध्वनिलेखकाने केले आहे, हे विसरून तो पाहता येत नाही. विष्णुपंत पागनीस यांचा अभंग कोठे सुरू होतो आणि बोलणे कोठे संपते, हे सांगणे कठीण. बोलण्यातूनच गाणे उगवते आणि बोलण्यातच मावळते. गौरीबाईंची आवली रंगभूमीचे भाषण करीत नाही. तिचा सूर घरातल्या, अंगणातल्या बाईचा आहे. शांताराम आठवले यांनी या चित्रपटासाठी लिहिलेला एक अभंग तर पुष्कळांना तुकोबांचाच वाटला. त्याचे श्रेय कवीचे आणि संगीतकार केशवराव भोळ्यांचे आहेच. परंतु तो ज्या साधेपणाने आपल्या कानी पडतो, त्या साधेपणामागे आवाजाची नाडी जाणणारा दिग्दर्शक होता.

आणि येथे मैलापूरचा धागा पुन्हा एकदा हाती येतो. १९३८ साली कोइमतूरच्या सेंट्रल स्टुडिओत तुकोबांच्याच जीवनावर एक तमिळ बोलपट निघाला. त्यात तुकारामाची भूमिका केली मुसिरी सुब्रह्मण्य अय्यर या थोर कर्नाटक गायकाने. मैलापूरच्या ज्या ऑलिव्हर रस्त्यावर त्यांचे घर होते, त्या रस्त्याला आज त्यांचेच नाव आहे. मुसिरींनी आयुष्यात केलेला हा एकच चित्रपट, आणि त्यासाठी त्यांनी निवडला देहूचा वाणी! पाच वर्षांपूर्वी मैलापूरचा राम पंचगंगेकाठी आला होता. आता इंद्रायणीकाठचा तुका मैलापूरच्या गळ्यात जाऊन बसला. ही देवघेव ठरावांनी किंवा शिष्टमंडळांनी घडवून आणलेली नव्हती. गाणारी माणसे आणि ऐकणारी यंत्रे यांनी ती आपसूक घडविली.

‘गोपाळ कृष्ण’, ‘संत ज्ञानेश्वर’ या चित्रपटांचे दिग्दर्शन करून, आणि प्रभातच्या उत्कर्षाबरोबर तिची ओढाताणही पाहून, ५ जुलै १९४५ रोजी विष्णुपंत दामले पुण्यास निवर्तले. वय अवघे बावन्न वर्षांचे. पुढे १९५३ साली प्रभात बंद पडली. तिच्या वास्तूत १९६० साली चित्रपटशिक्षणाची राष्ट्रीय संस्था उभी राहिली, आणि जे शास्त्र दामल्यांना शिक्षकावाचून शिकावे लागले, ते तेथे रीतसर शिकविले जाऊ लागले. ध्वनिलेखनाचे विद्यार्थी आज त्याच आवारात वावरतात.

परंतु जे शिकविता येते ते टिकविता येतेच असे नाही. जुन्या फितींचा नायट्रेटचा पाया ज्वालाग्राही असतो; २००३ साली पुण्यात त्याच आवारातील कोठाराला लागलेल्या आगीत जुन्या चित्रपटांचा फार मोठा साठा भस्म झाला. मद्रासेकडील आरंभकाळचे बोलपट तर बहुतांशी आधीच नष्ट झालेले. फीत जाते तेव्हा चित्राबरोबर आवाजही जातो, आणि चेहऱ्याची निदान छायाचित्रे उरतात, आवाजाचे तेवढेही मागे राहत नाही. म्हणून, श्रोतेहो, ‘अयोध्येचा राजा’ आपल्यापर्यंत पोहोचला ही साधी गोष्ट समजू नये. कधी तो पाहण्याचा योग आला, तर प्रथम डोळे मिटून थोडा वेळ केवळ ऐकावा. टेंब्यांचा सूर ऐकू येईल, दुर्गाबाईंचे करुण बोल ऐकू येतील. आणि त्यांच्यामागे यंत्राची ती बारीक, अखंड खरखरही ऐकू येईल. ती खरखर दोष म्हणून सोडून देऊ नये. कोल्हापूरच्या कलागृहात यंत्राशी झगडत, पडद्यावरच्या माणसाला प्रथमच वाचा देणाऱ्या विष्णुपंत दामल्यांच्या श्रमांची तेवढीच एक खूण आज आपल्यापाशी उरली आहे.